कॅमेऱ्यासमोर नाचणं इतकं वेगळं का असतं? मॉयरा शिअररच्या कारकिर्दीतून समजून घेऊ

ज्यांनी आयुष्यात कधी बॅले पाहिलेला नाही, त्यांनाही मॉयरा शिअररचा चेहरा कुठेतरी पाहिल्यासारखा वाटतो. तांबूस-लाल केस, रंगभूषेने पांढराफटक केलेला चेहरा आणि विस्फारलेले डोळे. १९४८ साली आलेल्या 'द रेड शूज' या ब्रिटिश चित्रपटातला हा चेहरा आहे. या एका चित्रपटाने बॅले ऑपेरा हाउसच्या बाहेर काढला आणि साध्या तिकिटाच्या थिएटरांत नेला. पण ज्या नर्तिकेच्या पायांवर हे सगळं उभं राहिलं, तिला तो चित्रपट करायचाच नव्हता. जवळजवळ वर्षभर ती नाही म्हणत राहिली. तो केल्यावर, गाजल्यावर, अगदी म्हातारपणीही त्याच्यावर तिचा जीव जडला नाही.

तिची गोष्ट सांगताना लोक सहसा दोनपैकी एक बाजू घेतात. सिनेमाने तिला अमर केलं, असं काही म्हणतात. सिनेमाने तिची बॅलेतली कारकीर्द बिघडवली, असं बाकीचे. मला दोन्ही अपुरं वाटतं. शिअररची तक्रार कारागिराची होती. रंगमंचावर नाचणं आणि कॅमेऱ्यासमोर नाचणं ही वरवर एकसारखी दिसणारी, पण आतून निराळी कामं आहेत, हे तिला स्वतःच्या अंगावर कळलं होतं. ते काय वेगळेपण आहे, हे तिच्या कामातून जितकं स्वच्छ समजतं तितकं क्वचितच दुसऱ्या कुणाच्या.

तयार झालेली नर्तिका

जन्म १७ जानेवारी १९२६, स्कॉटलंडमधलं डनफर्मलिन. पूर्ण नाव मॉयरा शिअरर किंग. वडील सिव्हिल इंजिनिअर. त्यांच्या नोकरीपायी कुटुंब उत्तर ऱ्होडेशियात, म्हणजे आजच्या झांबियात, एन्डोला इथे गेलं आणि बॅलेचे पहिले धडे तिने तिथे गिरवले. शिकवणारी व्यक्ती एन्रिको चेकेटी या इटालियन गुरूच्या हाताखाली तयार झालेली होती. १९३६ साली कुटुंब परतल्यावर लंडनमध्ये निकोलाय लेगाट या रशियन शिक्षकाच्या वर्गात तिचं पुढचं शिक्षण झालं. इटालियन आणि रशियन अशा दोन्ही घराण्यांचे संस्कार तिच्या अंगात लहानपणीच उतरले.

मग सॅडलर्स वेल्सची शाळा, मध्ये युद्ध, १९४१ मध्ये 'इंटरनॅशनल बॅले' या मंडळीत पहिलं व्यावसायिक काम, आणि १९४२ मध्ये सॅडलर्स वेल्स बॅलेत प्रवेश. हीच मंडळी १९५६ पासून 'रॉयल बॅले' म्हणून ओळखली जाते. तिच्या संस्थापक निनेट डी व्हॅल्वा. मंडळीत कुणी काय नाचायचं, कधी नाचायचं, हा शब्द डी व्हॅल्वाबाईंचा. पहिलं स्थान मार्गो फाँटेनचं होतं, आणि ते कुणी हलवेल असं कुणाला वाटतही नव्हतं. शिअरर तिच्यापेक्षा सात वर्षांनी लहान. झपाट्याने वर येणारी.

तिच्या रंगमंचावरच्या कामातला एकच प्रयोग इथे नीट पाहू, कारण पुढचं सगळं त्याच्याशी ताडून बघायचं आहे. एप्रिल १९४६ मध्ये लंडनच्या कव्हेंट गार्डन ऑपेरा हाउसमध्ये नृत्यरचनाकार फ्रेडरिक ॲश्टनने 'सिंफनिक व्हेरिएशन्स' नावाचा बॅले सादर केला. सेझार फ्रांकचं संगीत. सहा नर्तक: तीन स्त्रिया, तीन पुरुष. फाँटेन, पामेला मे आणि शिअरर या त्या तिघी. गोष्ट नाही, पात्रं नाहीत. सुमारे वीस मिनिटं चालणाऱ्या या बॅलेत सहापैकी एकही जण एकदासुद्धा विंगेत जात नाही. नाचत नसेल तेव्हाही नर्तक प्रेक्षकांसमोर उभा असतो, आणि ते उभं राहणंही रचनेचाच भाग असतं. घाम पुसायला आडोसा नाही, दम खायला जागा नाही.

असा बॅले शक्ती कशी वाटून खर्चायची ते शिकवतो. पहिल्या मिनिटाला किती द्यायचं, आठव्या मिनिटाला श्वास कुठे घ्यायचा, शेवटच्या उडीसाठी मांडीत किती जोर शिल्लक ठेवायचा, हे सगळं शरीराला पाठ असतं. स्नायू तापत जातात, संगीताचा ओघ अंगात चढत जातो आणि एक हालचाल पुढच्या हालचालीला जन्म देते. नर्तक ज्याला नाचणं म्हणतात ते हे. पावलं हा त्याचा फक्त दिसणारा भाग.

डबलचा बेत आणि वर्षभराचा नकार

'द रेड शूज'ची मुळं १९३० च्या दशकातली. एमरिक प्रेसबर्गरने ही पटकथा निर्माता अलेक्झांडर कोर्डासाठी लिहिली होती, आणि नायिका ठरली होती मर्ल ओबेरॉन. ही ओबेरॉन मूळची आपल्या मुंबईची. १९११ साली तिथे जन्मलेली आणि पुढे हॉलिवूडच्या भीतीने आपलं अँग्लो-इंडियन मूळ आयुष्यभर लपवत राहिलेली. ती नर्तिका नव्हती, त्यामुळे बेत असा होता की चेहरा तिचा दाखवायचा आणि नाचायला दुसरीच कुणी, म्हणजे डबल, घ्यायची. सिनेमातला तेव्हाचा हा अगदी सर्वमान्य मार्ग होता.

तो चित्रपट झाला नाही. युद्धानंतर प्रेसबर्गर आणि त्याचा जोडीदार मायकेल पॉवेल यांनी पटकथा परत विकत घेतली. पॉवेलने मात्र एक अट घातली: डबल नाही. नायिकेचं काम खऱ्या नर्तिकेनेच करायचं, आणि आजूबाजूची मंडळीही खरी हवी. त्याप्रमाणे लिओनीद मासीन आला, जो तरुणपणी दियागिलेफ या रशियन संचालकाच्या विख्यात 'बॅले रूस' मंडळीत होता. ऑस्ट्रेलियात जन्मलेला आणि सॅडलर्स वेल्सचा आघाडीचा नर्तक झालेला रॉबर्ट हेल्पमन आला. ल्युदमिला चेरिना आली. लंडनमध्ये बॅलेची पायाभरणी करणाऱ्यांपैकी एक, मारी रॅम्बर्ट, स्वतःच्याच रूपात क्षणभर पडद्यावर दिसतात.

आता नायिका. ती बॅलेरिना हवी, तरुण हवी, तिला संवाद बोलता यायला हवेत आणि अँटन वॉलब्रूकसारख्या नटासमोर उभं राहता यायला हवं. इतक्या अटी पुरी करणारी त्या वेळी ब्रिटनमध्ये शिअररच. पण तिला पटकथा खोटी वाटत होती. बॅलेच्या मंडळीत लोक असं वागत नाहीत, असं तिचं मत. तिच्यासमोर कव्हेंट गार्डनचा रंगमंच खुला झाला होता. एकविसाव्या वर्षी काही महिने मंडळीपासून दूर राहणं म्हणजे भूमिका दुसऱ्या मुलींच्या हाती देणं. तिने नाही म्हटलं आणि पुन्हा नाही म्हटलं. शेवटी डी व्हॅल्वाबाईंनीच तिला हे काम करून मोकळी हो असं सुचवलं. मंडळी अमेरिकेच्या दौऱ्याची स्वप्नं पाहत होती, आणि पडद्यावर गाजलेला चेहरा हाताशी असणं फायद्याचं होतं.

गोष्ट थोडक्यात अशी: व्हिक्टोरिया पेज ही तरुण नर्तिका लेर्मोंतोव्ह नावाच्या कडक संचालकाच्या मंडळीत येते. हान्स ख्रिश्चन अँडरसनच्या परीकथेवर तिच्यासाठी बॅले रचला जातो. त्या कथेतल्या मुलीच्या पायातले लाल बूट एकदा नाचू लागले की थांबतच नाहीत. पुढे ती संगीतकाराच्या प्रेमात पडते, आणि लेर्मोंतोव्ह तिला नाच किंवा संसार यांतलं एक निवडायला लावतो. लेर्मोंतोव्हच्या पात्रात दियागिलेफची छाया आहे. त्यानेही १९१३ मध्ये आपला आघाडीचा नर्तक निजिन्स्की याने लग्न केल्यावर त्याला मंडळीतून काढलं होतं. म्हणजे शिअररला खोटी वाटलेली ही गोष्ट एकदा खरंच घडून गेली होती.

कॅमेरा नाचाचं काय करतो

आता मुख्य मुद्दा. चित्रपटाच्या मध्यावर सुमारे १७ मिनिटांचा अखंड बॅले आहे. पाहणाऱ्याला तो एका दमात नाचलेला वाटतो. प्रत्यक्षात तो अनेक दिवस, काही काही सेकंदांच्या तुकड्यांत चित्रित झाला.

नर्तिकेच्या बाजूने याचा अर्थ बघा. सकाळी रंगभूषा, मग प्रकाशयोजना होईपर्यंत थांबणं. तापवलेलं अंग तोवर गार. मग हाक येते आणि एक मोठी उडी मारायची, फक्त ती उडी. तिच्या आधीचं काहीच नाचलेलं नाही, म्हणजे ज्या वेगातून ती उडी जन्माला यायची तो वेग शरीरात नाही. कॅमेऱ्याचं फोकस चुकलं किंवा दिवा लुकलुकला की तीच उडी पुन्हा. आणखी पुन्हा. रंगमंचाची लाकडी जमीन पायाखाली किंचित दबते आणि परत उसळते. स्टुडिओची काँक्रीटची जमीन असं काही करत नाही, सगळा धक्का घोट्यांना आणि गुडघ्यांना बसतो. 'सिंफनिक व्हेरिएशन्स'मध्ये वीस मिनिटांचा ओघ सांभाळायला शिकलेल्या शरीराला इथे ओघच नाकारलेला. आपल्याला सलग नाचायला मिळालंच नाही, ही शिअररची तक्रार यातून आलेली आहे. ती अक्षरशः खरी होती.

दुसरी अडचण भूमितीची. थिएटरात प्रेक्षकाला रंगमंचाचा पुढचा भाग सगळ्यात रुंद दिसतो, आणि नृत्यरचना त्याच हिशेबाने केलेली असते: महत्त्वाचं ते पुढे, मध्यभागी. कॅमेऱ्याची नजर मात्र लेन्सपाशी चिंचोळी असते आणि हातपंख्यासारखी मागे पसरत जाते. नर्तिका जवळ आली की हात-पाय चौकटीबाहेर जातात; पूर्ण दिसावी म्हणून मागे ठेवली तर इवलीशी होते. शिवाय पडदा खोली चपटी करतो. सरळ लेन्सच्या दिशेने घेतलेली झेप अंगावर येण्याऐवजी नुसती मोठी होत जाणारी आकृती वाटते. रंगमंचावर टाळ्या घेणारी रचना जशीच्या तशी चित्रित केली की निर्जीव दिसते, त्याचं कारण हे.

यावर हॉलिवूडचा नर्तक-नट फ्रेड अस्टेअरचं उत्तर गाजलेलं आहे: नर्तक डोक्यापासून पायापर्यंत चौकटीत ठेवा, कमीत कमी कट घ्या, आणि नाच नाचणाऱ्यालाच करू द्या. पॉवेल उलट्या टोकाला गेला. कॅमेऱ्याला नाचाची नोंद करता येत नसेल, तर कॅमेऱ्यानेच नाच रचावा असं त्याने ठरवलं. नृत्यरचना हेल्पमनची होती, लाल बूट देणाऱ्या मोचीची भूमिका मासीनने स्वतःपुरती स्वतः बसवली. पण या बॅलेचे आणखी तीन रचनाकार होते: छायालेखक जॅक कार्डिफ, चित्रकार हाइन हेक्रॉथ आणि संकलक रेजिनल्ड मिल्स.

त्यांनी काय केलं ते दोन-तीन जागी स्पष्ट दिसतं. व्हिकी, म्हणजे व्हिक्टोरिया, लाल बुटांकडे धावते, झेप घेते आणि कट होताच बूट पायात असतात, फिती आपोआप बांधल्या गेलेल्या. रंगमंचावर ही गोष्ट अशक्य. पुढे वाऱ्यावर उडणारा वर्तमानपत्राचा कागद माणूस होतो आणि तिच्याबरोबर नाचतो. मग पुन्हा कागद. प्रेक्षागृहाच्या जागी समुद्र येतो. हा बॅले कुठल्याही थिएटरात होऊच शकत नाही, तो व्हिकीच्या डोक्यात चाललेला आहे, हे कळायला कुणाला संवादाची गरज लागत नाही.

कार्डिफची युक्ती तर फार सुंदर. बॅले त्याला सुरुवातीला आवडत नव्हता. पॉवेलने त्याला प्रयोग पाहायला धाडलं आणि तो पुरता त्यात बुडाला. झेपेच्या सर्वात उंच टोकाला नर्तक क्षणभर हवेत थांबल्यासारखा वाटतो, हा बॅलेतला आनंद पडद्यावर हरवतो हे त्याने ओळखलं. म्हणून उडीच्या ऐन टोकाला तो कॅमेऱ्याचा वेग वाढवायचा आणि पाय खाली येताना पुन्हा नेहमीचा करायचा. वेग वाढवून चित्रित केलेलं दृश्य पडद्यावर हळू दिसतं, त्यामुळे नर्तक हवेत किंचित रेंगाळतो. पाहणाऱ्याला युक्ती कळत नाही, फक्त उडी मोठी वाटते.

हे सगळं टेक्निकलर या तेव्हाच्या रंगीत चित्रीकरण पद्धतीच्या अवाढव्य कॅमेऱ्याने. त्या कॅमेऱ्यात लेन्समागे काचेचा लोलक असे, तो प्रकाश विभागून एकाच वेळी तीन वेगवेगळ्या निगेटिव्हांवर पाडत असे आणि नंतर त्या तिन्हींच्या छपाईतून रंग तयार होत. प्रकाश असा वाटला गेल्यामुळे सेटवर प्रचंड दिवे लागत, आणि त्यांच्या उकाड्यात नाचावं लागे. शिअररचे लाल केस मात्र याच पद्धतीत असे उजळले की दुसऱ्या कुणाची कल्पनाही करवत नाही.

मग नाच कुणाचा? शिअररचा, की कॅमेऱ्याचा? माझं मत असं: तुकडे कितीही लहान असोत, त्यांच्यातला धागा तिच्या शरीरानेच पुरवला आहे. पहिल्या तुकड्यात खांद्याचा जो कल आहे, तोच दहा दिवसांनी चित्रित झालेल्या पुढच्या तुकड्यात आहे. मानेची रेघ, मनगटाचा शेवट, तालाच्या किंचित पुढे राहण्याची तिची खोड, हे सगळं जागच्या जागी. गार अंगाने, काँक्रीटवर, मागचं-पुढचं काही न नाचता हे सांभाळणं नर्तिकेलाच जमतं. ओबेरॉन आणि डबल असा जुना बेत तडीस गेला असता, तर चेहरा एकीचा आणि पाय दुसरीचे असं जोडकाम झालं असतं आणि ही सलगता मिळाली नसती. डबल नको ही पॉवेलची अट चित्रपट तारून गेली. तिची किंमत शिअररच्या घोट्यांनी मोजली, हेही तितकंच खरं.

शेवटी व्हिकी मरते. प्रयोग मात्र ठरल्याप्रमाणे होतो: रंगमंचावर ती जिथे जिथे असायला हवी होती तिथे तिथे फक्त प्रकाशझोत फिरतो आणि बाकीचे त्या रिकाम्या प्रकाशाभोवती नाचतात. नर्तिकेविना नाच दाखवायची याहून धीट कल्पना मला सिनेमात दुसरीकडे आढळलेली नाही.

त्यानंतर काय झालं

ब्रिटनमधल्या वितरकांचा चित्रपटावर विश्वास नव्हता. अमेरिकेत मात्र न्यूयॉर्कच्या बिजू थिएटरात तो १०७ आठवडे चालला. ब्रायन ईस्डेलच्या संगीताला आणि रंगीत चित्रपटाच्या कलादिग्दर्शनाला ऑस्कर मिळालं. 'ॲन अमेरिकन इन पॅरिस'च्या शेवटी लांबलचक बॅले ठेवू द्या, हे स्टुडिओला पटवण्यासाठी नर्तक-नट जीन केलीने त्यांना हाच चित्रपट दाखवला.

शिअरर परत मंडळीत गेली. १९४८ च्या डिसेंबरात फाँटेन जखमी असल्यामुळे ॲश्टनच्या पहिल्या पूर्ण लांबीच्या बॅलेत, 'सिंड्रेला'त, मुख्य भूमिका पहिल्यांदा साकारण्याचा मान तिला मिळाला. ऑक्टोबर १९४९ मध्ये मंडळी न्यूयॉर्कला मेट्रोपॉलिटन ऑपेरा हाउसमध्ये उतरली. अमेरिकन प्रेक्षकांना नावाने माहीत होती ती लाल केसांची मुलगी. मंडळीची पहिली नर्तिका होती फाँटेन. पहिल्या रात्री 'द स्लीपिंग ब्यूटी' नाचून फाँटेनने न्यूयॉर्क जिंकलं, तरी फलकांसाठी सगळ्यांना हवी होती शिअरर. अशा परिस्थितीत मंडळीत अवघडलेपण येणारच. सिनेमामुळे बॅलेच्या जगात आपल्याकडे वेगळ्या नजरेने पाहिलं जाऊ लागलं, ही तिची खंत होती. मला ती अगदी समजण्यासारखी वाटते: तिने दहा वर्षं कमावलेलं काम लोक एका चित्रपटाच्या नावाने ओळखू लागले होते.

१९५१ मध्ये पॉवेल-प्रेसबर्गर जोडीने तिला पुन्हा बोलावलं. 'द टेल्स ऑफ हॉफमन' हा ऑफेनबाखच्या ऑपेराचा चित्रपट. तो ज्या पद्धतीने झाला ती मराठी वाचकाला समजावून सांगावीच लागणार नाही: आधी सगळं गाणं-संगीत ध्वनिमुद्रित करून घेतलं आणि मग ते सेटवर वाजवत चित्रीकरण केलं. आपला प्लेबॅकच. टॉमस बीचमने वाद्यवृंदाचं संचालन केलं, गाणारे बहुतेक वेगळे आणि पडद्यावर दिसणारे वेगळे. ऑलिंपिया या यांत्रिक बाहुलीच्या भूमिकेत नाच शिअररचा, आवाज डॉरथी बाँडचा.

याचा नर्तिकेला मोठा फायदा होतो. सेटवर आवाज टिपायचाच नसल्यामुळे कॅमेऱ्याची घरघर झाकणारं जड आवरण लागत नाही, तो हलका होतो, नर्तिकेबरोबर फिरू शकतो. तुकडे लांबतात. शिवाय इथे नृत्यरचना ॲश्टनची होती, ज्याने तिचं अंग वर्षानुवर्षं ओळखलेलं. ऑलिंपियाचा नाच म्हणूनच मला 'रेड शूज'पेक्षा जास्त शिअररचा वाटतो. किल्ली संपत आली की तिची हालचाल मंदावते, किल्ली दिली की पाय पुन्हा भिरभिरतात. मानवी शरीर यंत्रासारखं दिसावं यासाठी लागणारा ताबा हा सैल, भावुक नाचाला लागणाऱ्या ताब्याहून कठीण असतो, हे नाच शिकलेल्या कुणालाही विचारा.

१९५३ च्या सुमारास, सत्ताविसाव्या वर्षीच, तिने मंडळी सोडली. पायाचं दुखणं होतं, आणि संसारही. १९५० मध्ये तिने लेखक आणि पुढे दूरचित्रवाणीवरचा नामवंत पत्रकार झालेल्या लुडोव्हिक केनेडीशी लग्न केलं होतं. पुढे चार मुलं झाली. 'हान्स ख्रिश्चन अँडरसन' या हॉलिवूडपटातली तिची भूमिका गर्भारपणामुळे झीझी झाँमेर या फ्रेंच नर्तिकेकडे गेली. १९५४ मध्ये ओल्ड व्हिक या नाटकमंडळीच्या 'अ मिडसमर नाइट्स ड्रीम'मध्ये ती परीराणी टायटानिया झाली आणि परीराजा ओबेरॉन झाला हेल्पमन. नाटकं, काही चित्रपट, फ्रेंच नृत्यरचनाकार रोलाँ पेतीच्या 'ब्लॅक टाइट्स' या चित्रपटात रोक्सान, असं काम होत राहिलं. ते सगळं सारख्याच मोलाचं आहे असं मला वाटत नाही.

एक भूमिका मात्र सोडून चालणार नाही.

'पीपिंग टॉम'मधली व्हिव्हियन

१९६० साली पॉवेलने, या वेळी प्रेसबर्गरविना, 'पीपिंग टॉम' केला. नायक मार्क हा स्टुडिओतला फोकस सांभाळणारा साहाय्यक. तो बायकांना मारतो आणि मरताना त्यांच्या चेहऱ्यावरची भीती कॅमेऱ्यात टिपतो. शिअरर यात व्हिव्हियन आहे, एका नटीची स्टँड-इन. दिवे लावले जात असताना नटीला ताटकळावं लागू नये म्हणून तिच्या जागी जी उभी राहते, ती. जिचं काम फक्त जागा अडवून ठेवण्याचं. डबल नको म्हणून जिला आणलं होतं, तिलाच पॉवेलने बारा वर्षांनी दुसरीच्या जागी उभं राहणारी केलं.

स्टुडिओ बंद झाल्यावर व्हिव्हियन मार्कबरोबर गुपचूप मागे राहते, कारण त्याने तिला आपल्या कॅमेऱ्यासमोर संधी द्यायचं कबूल केलंय. टेपरेकॉर्डर लावून ती अंग तापवायला नाचू लागते. पडदे, शिड्या, सामान यांच्यामधून, मोकळ्या जागेत. इथे परीकथा नाही, रंगीबेरंगी देखावा नाही. चौतिसाव्या वर्षीही ती झपकन गिरकी घेते तेव्हा कळतं की अंगात काय मुरलेलं आहे. मार्क दिवे आणि कॅमेरा मांडत राहतो. तिला वाटतं आपण नाचतोय म्हणून तो पाहतोय. त्याला हवी असते फक्त तिची भीती.

कॅमेरा नाचणाऱ्याकडून काय घेतो, हा प्रश्न इतक्या उघडपणे विचारणारं दुसरं दृश्य मला माहीत नाही, आणि ते शिअररसमोर ठेवणं हा पॉवेलचा विचारपूर्वक निर्णय असणार असं मला वाटतं. ब्रिटिश समीक्षकांनी चित्रपट इतक्या तिटकाऱ्याने झोडपला की पॉवेलला मायदेशी काम मिळणं अवघड झालं. आज तो मोठा चित्रपट मानला जातो.

पुढची वर्षं पटकन सांगता येतील. १९७२ मध्ये एडिंबरोला युरोव्हिजन गीतस्पर्धेचं सूत्रसंचालन तिने केलं. आदल्या वर्षीचा विजेता मोनॅको यजमानपद पेलू न शकल्याने बीबीसीने ते घेतलं होतं. 'रेड शूज'मधल्या व्हिकीचा शेवट मोनॅकोतच होतो, आणि त्या रात्री जिंकली ती व्हिकी लिआंद्रोस. योगायोगच, पण मला लिहिल्याशिवाय राहवलं नाही. तिने नृत्यरचनाकार जॉर्ज बॅलन्शीनवर एक पुस्तक लिहिलं. त्याच्याबरोबर तिने १९५० मध्ये कव्हेंट गार्डनला काम केलं होतं, आणि ते दिवस तिला फार मोलाचे वाटत. १९८७ मध्ये, साठी उलटल्यावर, चित्रकार एल. एस. लाउरीवरच्या 'अ सिंपल मॅन' या बीबीसीच्या बॅलेत ती लाउरीची आई झाली. रचना जिलियन लिनची, लाउरीच्या भूमिकेत ख्रिस्तोफर गेबल. तोही रॉयल बॅले सोडून पडद्यावर आलेला नर्तक. ३१ जानेवारी २००६ रोजी ऑक्सफर्डला शिअररचं निधन झालं.

कुठून पाहायला सुरुवात करावी

त्या काळी रंगमंचावरचे प्रयोग चित्रित करून ठेवायची रीत नव्हती, त्यामुळे तिची सिंड्रेला ज्यांनी पाहिली त्यांच्यापुरतीच राहिली. 'रेड शूज'च्या मूळ निगेटिव्हांनाही बुरशी लागली होती, आणि तिन्ही पट्ट्या कमी-जास्त आकसल्याने रंग एकमेकांवर नीट बसत नव्हते. दिग्दर्शक मार्टिन स्कॉर्सेसीच्या फिल्म फाउंडेशनच्या पाठबळाने त्या चौकट-चौकट दुरुस्त झाल्या आणि २००९ मध्ये फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात नवी प्रत दाखवली गेली. जुनी, फिकट प्रत पाहून मत बनवू नका, हीच शोधा.

एकदा गोष्टीसाठी पाहा. दुसऱ्यांदा मधला बॅले आवाज बंद करून पाहा आणि प्रत्येक कट कुठे होतो इकडे लक्ष द्या. कटाच्या अलीकडे आणि पलीकडे तिचे खांदे आणि मान तपासा. त्यानंतर लगेच 'हॉफमन'मधला ऑलिंपियाचा नाच लावा. इथे तुकडे लांब आहेत, म्हणून पायांकडे पाहता येतं: बोटांच्या टोकावर उभी असताना घोटा किती स्थिर आहे, आणि किल्ली संपताना थांबणं आधी कुठे सुरू होतं. ते पायांत होत नाही, मानेत होतं.